यःकश्चित : एका नोंदीसाठी कोशकारांना खुलं पत्र

प्रति,
मराठीचे नवे शब्दकोश घडवणारे संपादक आणि त्यांच्या सल्लागार मंडळांतले सभासद यांस,

सप्रेम नमस्कार.

३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्रीय मंत्रिमंडळानं मराठीला अभिजात भाषेचा दर्जा दिला. आता कोश नव्यानं करायला हवेत, जुने कोश अद्ययावत करायला हवेत, सगळं मोबाइलवर यायला हवं, अशी बोलणी ऐकू येतात. चांगलं आहे. मी मुद्रितशोधनाचं काम करते. दुसऱ्यांनी लिहिलेलं वाचायचं आणि त्यातल्या चुका काढायच्या, हा माझा पोटापाण्याचा उद्योग. त्यामुळे कोश माझ्या टेबलावरून खाली उतरत नाहीत. तुमच्या मोठ्या कामात माझी मागणी छोटी आहे आणि ती एका शब्दापुरती आहे. ‘यःकश्चित’ या शब्दाची नोंद नीट करा.

हाताशी ठेवायच्या छोट्या कोशांत या शब्दापुढे ‘क्षुद्र, क्षुल्लक, तुच्छ’ असं काहीसं लिहून मोकळं झालेलं असतं. ‘क्षुल्लक’ उघडावं तर ‘क्षुद्र, यःकश्चित’. ‘क्षुद्र’ उघडावं तर ‘हलका, तुच्छ’. गोल फिरून वाचणारा निघाला होता तिथेच येऊन उभा. शाळेतल्या मुलाला यातून एवढंच कळतं की जगात काही माणसं यःकश्चित असतात आणि त्यांच्यासाठी हा शब्द आहे. उंच माणसासाठी ‘उंच’, तसा यःकश्चित माणसासाठी ‘यःकश्चित’. माझी तक्रार नेमकी इथे आहे. यःकश्चित असा माणूस कुठे नसतो. कोणीतरी कोणाला तरी यःकश्चित म्हणत असतं. कोशातल्या नोंदीतून हा म्हणणारा गायब झालेला आहे.

शब्द फोडून पाहिला तर अर्थात लहानपणाचा मागमूस नाही. ‘यः’ म्हणजे जो. ‘कः’ म्हणजे कोण. ‘कः’ला ‘चित्’ हे शेपूट जोडलं की ‘कश्चित्’ होतं : कोणीतरी, कोणी एक. ‘यः कश्चित्’ म्हणजे जो कोणी, कोणीही. विसर्गापुढे च आला की विसर्गाचा श् होतो आणि क आला की विसर्ग आपल्या जागी राहतो, म्हणून या शब्दातल्या दोन विसर्गांपैकी एक डोळ्यांना दिसतो आणि दुसरा श् होऊन बसलेला आहे. मराठीनं दोन्ही पदं जोडून एक शब्द केला, शेवटच्या त-चा पाय मोडायचं सोडून दिलं आणि तो विशेषण म्हणून वापरायला घेतला. बोलताना आपण ‘यक्कश्चित’ म्हणतो, ‘दुःख’चं ‘दुक्ख’ करतो तसंच.

आता हाच शब्द संस्कृतात काय करत होता ते पाहा. मेघदूताचा पहिला शब्दच ‘कश्चित्’ आहे. कोणी एक यक्ष. कालिदासानं त्याचं नाव शेवटपर्यंत सांगितलेलं नाही. रामगिरीवर, म्हणजे बहुतेकांच्या मते आपल्या रामटेकवर, शिक्षा भोगणारा हा अनामिक विरही अख्ख्या काव्याचा नायक आहे. गीतेच्या सातव्या अध्यायात तिसऱ्या श्लोकात म्हटलंय की हजारो माणसांत ‘कश्चित्’ सिद्धीसाठी धडपडतो. तिथे कश्चित् म्हणजे हजारांत एखादा, दुर्मीळ. दुसऱ्या अध्यायात आत्म्याकडे आश्चर्यानं पाहणारा तोही कश्चित्. एकच शब्द ‘विरळा’ या अर्थानं येतो आणि ‘कोणीही’ या अर्थानंही येतो. हलका या अर्थानं मात्र येत नाही.

‘यः कश्चित्’ ही पुरी जोडी मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात, सातव्या श्लोकाच्या आरंभी आहे : ज्या कोणाचा जो कोणता धर्म मनूनं सांगितला, तो सगळा वेदात सांगितलेला आहे, असा त्याचा आशय. माणसांची प्रतवारी करण्यात ज्या ग्रंथानं कसूर ठेवली नाही, त्या ग्रंथातसुद्धा हे दोन शब्द निव्वळ सर्वनामं आहेत. तुच्छता त्यांना तिथून आलेली नाही. ती नंतर आली, आणि मराठीच्या घरात आली.

जाता जाता एक गंमत. ‘यः’ हे पुल्लिंगी रूप. स्त्रीलिंगी हवं तर ‘या काचित्’ म्हणावं लागलं असतं. मराठीनं ते कधी उचललंच नाही. त्यामुळे ‘एक यःकश्चित बाई मला शिकवणार?’ असं एखादे गृहस्थ तावातावानं म्हणतात तेव्हा व्याकरणानं ते तिला ‘जो कोणी पुरुष’ म्हणत असतात. हिणवायच्या घाईत लिंगाचं भान राहत नाही.

या शब्दाला एक सख्खं भावंड आहे : यत्किंचित. हे नपुंसकलिंगी, म्हणजे माणसांऐवजी वस्तूंसाठी. जे काही, कोणतंही. ईशोपनिषदाच्या पहिल्याच मंत्रात ‘यत्किंच जगत्यां जगत्’ असं येतं आणि त्याचा आवाका केवढा, तर या जगात जे जे काही हालतं-चालतं आहे ते सगळं. मराठीत आल्यावर ते ‘यत्किंचितही फरक पडला नाही’ एवढंसं झालं. सगळं होतं त्याचं इवलंसं झालं. दोन्ही भावंडांच्या वाट्याला आकसणं आलं. फरक इतकाच की वस्तू आकसली तर ती थोडी होते आणि माणूस आकसला तर तो क्षुद्र ठरतो.

हे घडलं कसं? ‘सुद्धा’, ‘देखील’ आणि ‘कोणीही’तला ‘ही’ यांच्या सोबतीनं घडलं असावं, असं मला वाक्यं तपासता तपासता वाटत आलं आहे. ‘हे तर कोणीही करील’ या वाक्यात कोणाचीच निंदा नाही, कामाच्या सोपेपणाची गोष्ट आहे. ‘हे तर कोणीही सोम्यागोम्या करील’ म्हटलं की ‘कोणीही’ला चेहरा मिळतो, आणि तो चेहरा बोलणाऱ्याच्या लेखी खालच्या पायरीवरचा असतो. ‘कोणीही’पासून ‘कोणीही चालेल’, आणि ‘कोणीही चालेल’पासून ‘हा असला काय नि नसला काय’. ही घसरण एकट्या यःकश्चितची नाही. ‘सामान्य’ हा शब्द ‘समान’वरून आलेला, सर्वांना सारखा लागू असा, आज एखाद्या लेखकाला ‘सामान्य’ म्हणून पाहा. ‘मामुली’ अरबीतून आला, तिथे त्याचा अर्थ रूढीचा, नेहमीचा. ‘प्राकृत’ म्हणजे स्वाभाविक, आणि त्याच शब्दानं शतकानुशतकं मराठीला हिणवलं गेलं. संस्कृत देवांनी केली, मग प्राकृत काय चोरांपासून झाली, असं एकनाथांना विचारावं लागलं. जे सगळ्यांचं असतं ते आपल्या भाषेत फार काळ मानाचं राहत नाही.

पण सगळेच अनाम शब्द असे घसरत नाहीत, आणि मला खरं कुतूहल याचं आहे. ‘अमुक’ घ्या. ‘फलाणा’ घ्या, तो अरबीतून आलेला. दोन्ही माणसाचं नाव न घेता त्याच्याबद्दल बोलतात. तरी ‘अमुक इसमानं अर्ज केला’ यात कोणाचा पाणउतारा होत नाही. का? ‘अमुक’ ही नावासाठी राखून ठेवलेली जागा आहे. तिथे नाव आहे, सध्या सांगितलेलं नाही, कधीही भरता येईल. ‘यःकश्चित’ म्हणतो की नाव कळून घेण्याची गरजच नाही. दोन शब्दांमधलं हे अंतर एकाही छोट्या कोशात मला सापडत नाही, आणि भाषा शिकणाऱ्याला नेमकं तेच हवं असतं.

‘कःपदार्थ’ची नोंदही याच्या शेजारी बसवून तपासा. ‘कः पदार्थः?’ म्हणजे ‘हा कोण पदार्थ?’ हा चक्क प्रश्न आहे. मराठीनं त्याचं प्रश्नचिन्ह काढून टाकलं आणि त्याचं नाम बनवलं. ‘तो कोण लागून गेलाय?’, ‘हा कोण टिकोजीराव?’, ‘किस झाड की पत्ती?’ ही सगळी त्याच वळणाची वाक्यं. प्रश्न विचारायचा, पण उत्तर मिळू द्यायचं नाही. अशा प्रश्नाला खरंच कोणी उत्तर दिलं, ‘मी अमक्याचा मुलगा, अमक्या गावचा, अमुक काम करतो’ असं सांगायला लागला, तर विचारणाऱ्याची पंचाईत होते.

मग ‘येरागबाळा’ आणि ‘ऐरागैरा’. येर म्हणजे इतर. संस्कृत ‘इतर’चंच ते झिजलेलं रूप. गैर अरबी, त्याचाही अर्थ दुसरा, परका. एक शब्द संस्कृताच्या वाटेनं आला, एक अरबीच्या, आणि दोघांच्या पोटात एवढंच आहे की हा माणूस आपल्यातला नाही. अर्जावरच्या शेवटच्या चौकोनात ‘इतर’ लिहिलेलं असतं तिथे खूण करणाऱ्यांना विचारा, हा शब्द किती निरुपद्रवी वाटतो ते.

‘पामर’ची कथा तर माझ्या आवडीची. आज पामर म्हणजे दीनवाणा, तुच्छ जीव. महाराष्ट्री प्राकृतातल्या, हाल सातवाहनाच्या नावावर असलेल्या गाथासप्तशतीत पामर भेटतो तो शेतकरी म्हणून, खेड्यातला माणूस म्हणून. त्याचं शेत आहे, बायको आहे, प्रेम आहे, भांडण आहे. पुढे शहराच्या नजरेनं खेड्याकडे पाहिलं आणि ‘ग्राम्य’ हा काव्यशास्त्रातला दोष ठरला. मम्मटानं काव्यप्रकाशात दोषांच्या यादीत तो घातला आहे. ‘गावंढळ’ आणि ‘गावठी’ ही त्याच नजरेची पुढची पिढी. बाजारात मात्र गावठी कोंबडी आणि गावठी अंडी चढ्या भावानं विकली जातात, तिथे कोणाला हा शब्द टोचत नाही.

‘तुच्छ’ तर वेदांइतका जुना. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलात १२९ वं सूक्त, ज्याला आपण नासदीय सूक्त म्हणतो, त्याच्या तिसऱ्या ऋचेत हा ‘तुच्छ्य’ या रूपात येतो. अर्थ : रिकामेपण, पोकळी. सृष्टीच्या आधी जे काही होतं ते या पोकळीनं झाकलेलं होतं, असं ऋषी म्हणतो. एका गहन विचारासाठी वापरलेला हा शब्द नंतर माणसाला ‘तू रिकामा’ म्हणायला कामाला आला. ‘क्षुद्र’च्या मुळाशी कुटणं, भरडणं आहे, भरडलं की बारीक होतं, म्हणून बारीक तो क्षुद्र. भरडणाऱ्याचा उल्लेख इथेही गळालेला आहे. आणि क्षुद्रचंच सौम्य झालेलं ‘क्षुल्लक’ हे दिगंबर जैन परंपरेत गृहत्याग करून मुनिपणाच्या वाटेवर असलेल्या साधकाचं आदराचं नाव आहे. त्या परंपरेत क्षुल्लकजींसमोर लोक हात जोडतात. आपल्या वर्तमानपत्रांत ‘क्षुल्लक कारणावरून खून’ हा छापखान्याचा कायमचा खिळा होऊन बसला आहे. तो मथळा माझ्यासमोर तपासायला येतो तेव्हा मनात येतं, ज्यानं जीव घेतला त्याला ते कारण क्षुल्लक वाटलं असेल का? बातमीदारानं ते परस्पर ठरवून टाकलेलं असतं.

या सगळ्या शब्दांना मी एका रांगेत का उभं केलं, तर त्यांच्या पोटात काहीही वाईट नाही हे दिसावं म्हणून. कोणीही, दुसरा, खेड्यातला, रिकामा, बारीक. एवढंच. तुच्छता आहे ती बोलणाऱ्याच्या बाजूला. ‘कमी लेखणे’ हा आपला वाक्प्रचार याबाबतीत फार प्रामाणिक आहे. ‘कमी’ फारसी, ‘लेखणे’ म्हणजे हिशेबात धरणं, ‘लेखाजोखा’तला लेखा. कमी लेखणे म्हणजे समोरच्याची नोंद हिशेबात कमी रकमेची करणं. त्या वाक्प्रचारात लिहिणारा कोणीतरी असतोच. ‘हिणवणे’मध्येही तो असतो : सोन्यातलं हीण ते हीण, पण हिणवणं ही कोणीतरी केलेली क्रिया. ‘यःकश्चित’ मात्र विशेषण आहे. विशेषण वस्तूला चिकटून बसतं आणि ते कोणी चिकटवलं हे विचारायची सोय ठेवत नाही. म्हणून या शब्दाच्या बाबतीत कोशानं जास्त काळजी घ्यायला हवी, क्रियापदांपेक्षा जास्त.

अजून एक गोष्ट तुमच्या नोंदींत येत नाही : हा शब्द कोण वापरतं. ‘चिल्लर’ आपण दक्षिणेकडून, सुट्ट्या पैशांबरोबर घेतला. ‘टिनपाट’ इंग्रजांच्या टिनपॉटवरून आला. ‘दीडदमडीचा’, ‘फुटकळ’, ‘किरकोळ’ हे बाजारातले. हे शब्द कानावर पडले की अपमान झाला हे ताबडतोब कळतं, समोरचाही लगेच उलटून बोलतो. यःकश्चितला विसर्ग आहे, जोडाक्षर आहे, संस्कृताचा वास आहे. अग्रलेखात चालतो, भाषणात चालतो, न कापता छापून येतो. ‘यःकश्चित कारकुनानं फाइल अडवली’ हे वाक्य मी छपाईला जाताना पाहिलं आहे. अडवण्याची ताकद असलेला माणूस यःकश्चित कसा, हे लिहिणाऱ्याला सुचलं नव्हतं. लेखकाचं वाक्य बदलायचा मला अधिकार नाही, पानाच्या कडेच्या समासात प्रश्नचिन्ह घालता येतं, ते मी घातलं. शिवी देणाऱ्याला आपण असभ्य म्हणतो; यःकश्चित म्हणणाऱ्याला ‘भाषेवर प्रभुत्व’ असल्याचं प्रशस्तिपत्र मिळतं. ही सोय मोडायची तर निदान कोशात तरी लिहिलेलं हवं की हा हिणवण्याचा शब्द आहे.

दिशा बदलली की हाच शब्द उलट काम करतो, तेही नोंदवा. ‘माझ्यासारख्या यःकश्चित माणसाचा आपण सत्कार केलात’ असं सत्कारमूर्ती म्हणतात तेव्हा तो विनय असतो (कधी कधी विनयाचा मुखवटा, पण तो कोशाचा विषय नव्हे). तुकोबा स्वतःला पामर म्हणतात, गव्हार म्हणतात. गव्हार म्हणजेही गावातला. ते स्वतःला असं म्हणतात यावरून त्यांना तसं म्हणण्याचा परवाना दुसऱ्या कोणाला मिळत नाही. वाळवंटातला वारकरी दुसऱ्या वारकऱ्याच्या पाया पडतो, तिथे ‘पामर’ हा शब्द ज्याचा त्यानं आपल्यापुरता ठेवलेला असतो. स्वतःला आणि दुसऱ्याला, हे दोन वेगळे अर्थ म्हणून कोशात क्रमांक देऊन यायला हवेत. आज ते एकाच रांगेत स्वल्पविरामानं जोडलेले असतात.

मी जशी नोंद मागते आहे तिचा कच्चा खर्डाच देते, म्हणजे मोघम मागणी राहणार नाही. शब्द : यःकश्चित. विशेषण. चौकटी कंसात मूळ, संस्कृत ‘यः कश्चित्’, जो कोणी, कोणीही. मुळात तुच्छतेचा अर्थ नाही. मग पहिला अर्थ, हिणवण्यासाठी : बोलणाऱ्याच्या मते ज्याची दखल घेण्याचं कारण नाही असा (माणूस), बहुधा पदानं, पैशानं, वयानं, जातीनं किंवा शिक्षणानं स्वतःला वरचा समजणाऱ्याच्या तोंडी, लेखी व औपचारिक भाषेत अधिक. दुसरा अर्थ, स्वतःबद्दल, विनयानं. तिसरा, कारण, वस्तू, रक्कम यांबद्दल : लहानसं, बोलणाऱ्याला महत्त्वाचं न वाटणारं. पुढे तुलनेसाठी कःपदार्थ, यत्किंचित, अमुक. प्रत्येक अर्थाला एक छापील, सालवार उदाहरण. ‘बोलणाऱ्याच्या मते’ हे दोन शब्द माझ्यासाठी सगळ्यात महत्त्वाचे. बाकी सगळी नोंद तुम्ही तुमच्या पद्धतीनं लिहा, हे दोन शब्द तेवढे गाळू नका.

तुमच्यापैकी काहीजण म्हणतील की कोशाचं काम वापर नोंदवणं आहे, लोकांना शहाणं करणं नाही. मान्य. पण वापर म्हणजे काय? शब्द कोणाच्या तोंडी आहे, कोणाला उद्देशून आहे, कोणत्या सुरात आहे, हाच वापर. मोल्सवर्थनं कँडी बंधूंना सोबत घेऊन केलेला कोश १८३१ मध्ये आला, वाढवलेली आवृत्ती १८५७ मध्ये. त्यात अमुक शब्द तिरस्कारानं बोलतात, अमुक हलक्या भाषेतला आहे, अशा खुणा जागोजागी आहेत. त्याच कोशात जातींबद्दलच्या ओंगळ म्हणीही आहेत, त्या वाचवत नाहीत. तरी हा शब्द कसा बोलला जातो हे सांगण्याची सवय त्याला होती. दाते-कर्वे यांच्या महाराष्ट्र शब्दकोशानं १९३२ ते १९३८ या काळात सात विभाग काढले आणि शब्दापुढे ज्ञानेश्वरीतली, तुकोबांच्या गाथेतली अवतरणं दिली. या दोन्ही सवयी आपल्याकडे होत्या. छोट्या कोशांत आणि मोबाइलवरच्या कोशांत जागेच्या नावाखाली त्या सुटल्या. मोबाइलवर जागेची अडचण कसली?

दुसरा आक्षेप उलट बाजूचा येईल : असे शब्द काढूनच टाका. नको. शब्द कोशातून काढला की तो लोकांच्या तोंडून जात नाही, फक्त त्याचा अर्थ विचारायला जागा उरत नाही. जुनं वाङ्मय वाचणाऱ्याला तो लागेल, न्यायालयात साक्ष तपासणाऱ्याला लागेल. जातिवाचक शिव्यांच्या बाबतीतही माझं मत हेच आहे, फक्त तिथे इशाऱ्याची खूण ठळक हवी, कारण तिथे प्रश्न सुराचा राहत नाही, १९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्याखाली तो गुन्हा ठरू शकतो. वस्त्यांची जातिवाचक नावं बदलण्याचा निर्णय राज्य मंत्रिमंडळानं डिसेंबर २०२० मध्ये घेतला, तो योग्यच होता. पण पाटी बदलणं हे शासनाचं काम आणि आधीच्या पाटीवर काय होतं व का बदललं हे सांगणं कोशाचं.

उदाहरणांसाठी दोन जागा सुचवते, मुळातला अर्थ जिवंत कुठे आहे ते दाखवायला. एक आपल्या संविधानाचा अनुच्छेद १४. राज्य कोणत्याही व्यक्तीला कायद्यापुढील समानता नाकारणार नाही. ‘कोणतीही व्यक्ती’ म्हणजे संस्कृतात शब्दशः यः कश्चित्. तिथे नाव न विचारणं हेच संरक्षण आहे. नाव, गाव, हुद्दा विचारून हक्क द्यायचा असता तर तो अनुच्छेद लिहायची गरजच नव्हती. दुसरी जागा पसायदान. ‘जो जें वांछील तो तें लाहो’ मधला ‘जो’ म्हणजे ‘यः’. ज्ञानदेवांनी मागणं मागितलं ते या ‘जो’साठी, जो कोणी असेल त्याच्यासाठी, आणि पुढे ‘प्राणिजात’ म्हणून उरलेसुरले सगळे त्यात घेतले. यःकश्चितच्या नोंदीत ही दोन अवतरणं बसणार नाहीत, याची मला कल्पना आहे. तिथे हा शब्द अक्षरशः येत नाही आणि तुम्ही नियमानं चालणारी माणसं. मूळ अर्थाच्या कंसात ‘पाहा : जो, कोणीही’ एवढा निर्देश दिलात आणि ती अवतरणं त्या दोन शब्दांच्या नोंदीत घातलीत तरी काम होईल. ‘कोणीही’ या शब्दाची नोंदही बघा जमलं तर. बहुतेक ठिकाणी ती अर्ध्या ओळीची असते.

यःकश्चितचा छापील वापर दिसला की मी त्याचं वाक्य, प्रकाशनाचं नाव आणि तारीख वहीत टिपून ठेवते. लेखकांची नावं गाळून ती वही तुमच्या कामासाठी द्यायला मी तयार आहे. मोबदला नको, श्रेयही नको. फक्त नोंद छापण्याआधी तिचं मुद्रित एकदा माझ्या नजरेखालून जाऊ द्या.

आपली,
एक मुद्रितशोधक

ता. क. : मथळ्याच्या शब्दात विसर्गच घाला. हल्ली घाईत विसर्गाच्या जागी अपूर्णविरामाचे दोन ठिपके टाइप केले जातात. कागदावर दोन्ही सारखेच दिसतात, संगणकाला मात्र ती दोन वेगळी चिन्हं आहेत. त्यामुळे शोध घेतला की ‘यःकश्चित’ सापडत नाही आणि ‘शब्द उपलब्ध नाही’ असं उत्तर येतं. काहीजण विसर्ग गाळून ‘यकश्चित’ही लिहितात. अधिकृत रूप एकच ठेवा, पण शोधणाऱ्यानं यांपैकी काहीही लिहिलं तरी नोंद उघडेल अशी व्यवस्था तुमच्या तंत्रज्ञांना करायला सांगा. ‘कःपदार्थ’, ‘अंतःकरण’ आणि ‘मनःस्थिती’ यांचंही तसंच करावं लागेल.